निळीचा रंग: पान, हौद आणि शेत

पानात नसलेला रंग

हळदीचा पिवळा रंग कंदात असतो, पळसाचा केशरी फुलांत, मंजिष्ठेचा तांबडा मुळांत. ते भाग पाण्यात उकळले की रंग उतरतो. निळीच्या झुडपात मात्र निळा रंग कुठेच नसतो. पानात असते ते एक रंगहीन द्रव्य. ते भिजवून, आंबवून आणि घुसळून त्यातून रंग घडवावा लागतो. घडलेला रंग पाण्यात विरघळत नाही, म्हणून कापडावर चढवण्यासाठी त्याचे रूप पुन्हा एकदा पालटावे लागते. मोठाले हौद, त्यांना लागणारे पाणी व मजूर, आगाऊ रक्कम देऊन शेतकऱ्याला बांधून घेणारा मळेवाला आणि शेवटी प्रयोगशाळेत शोधलेला पर्याय, या साऱ्यांचे मूळ या एका गोष्टीत आहे.

वनस्पती

भारतात निळीसाठी मुख्यतः इंडिगोफेरा टिंक्टोरिया ही जाती लावली जात असे. संस्कृतात तिला नीली, नीलिनी अशी नावे आहेत. झुडूप साधारण एक ते दोन मीटर उंच, पाने पिसासारखी संयुक्त, फुले बारीक व गुलाबी छटेची, शेंगा सडपातळ. कुल शिंबावंत, म्हणजे तूर, हरभरा, शेवरी यांचे. या कुलातील वनस्पतींच्या मुळांवर गाठी असतात आणि त्या गाठींतील जीवाणू हवेतील नायट्रोजन पिकाला मिळवून देतात. त्यामुळे रंग काढून उरलेला चोथा चांगले खत ठरे. फुले येण्याच्या सुमारास झुडूप कापतात, कारण तेव्हा पानांत रंगाचे पूर्वद्रव्य भरपूर असते. कापलेल्या बुडख्याला पुन्हा फुटवे येतात, म्हणून एका लावणीवर दोन-तीन तोडे घेता येत.

नीळ देणारी वनस्पती एवढी एकच नाही. युरोपात मोहरीच्या कुलातील वोड, जपान व चीनमध्ये चुक्याच्या कुलातील एक झुडूप, पश्चिम आफ्रिकेत शिंबावंत कुलातील एक वेल, तर मध्य अमेरिकेत इंडिगोफेराचीच दुसरी जाती वापरात होती. यांतील काही वनस्पतींचे एकमेकींशी जवळचे नाते नाही, तरी सर्वांपासून मिळणारे मुख्य रंगद्रव्य रासायनिकदृष्ट्या एकच आहे. एकमेकांची गंधवार्ता नसलेल्या समाजांनी वेगवेगळ्या पानांतून तोच निळा रंग काढला, ही वनस्पतींच्या वापराच्या इतिहासातील फार मोठी घटना म्हणावी लागेल.

रसायन

निळीच्या पानातील रंगहीन द्रव्याचे नाव इंडिकन. त्यात इंडॉक्सिल हा रेणू ग्लुकोज या साखरेशी जोडलेला असतो. पाने पाण्यात बुडून राहिली की पेशी फुटतात आणि पानातलेच विकर ही जोडणी तोडते. सुट्या झालेल्या इंडॉक्सिलला हवेतील ऑक्सिजन मिळाला की त्याचे दोन-दोन रेणू जुळतात आणि इंडिगोटिन तयार होते. नीळ म्हणतात ती हीच.

इंडिगोटिन पाण्यात विरघळत नाही. कापड नुसते निळीच्या गढूळ पाण्यात बुडवले तर वर धूळ बसावी तसा थर बसेल आणि धुतल्यावर निघून जाईल. म्हणून रंगवण्यापूर्वी अल्कधर्मी पाण्यात नीळ क्षपित करतात, म्हणजे तिला ऑक्सिजन मिळू न देता तिचे रूप बदलतात. हे क्षपित रूप पिवळसर हिरवे व विद्राव्य असते आणि धाग्याच्या आत शिरते. कापड बाहेर काढले की हवेतील ऑक्सिजन पुन्हा आपले काम करतो आणि अविद्राव्य झालेली नीळ धाग्यातच अडकून बसते. मंजिष्ठेसारख्या रंगांना तुरटीसारखा रंगबंधक लागतो, निळीला तो लागत नाही. या रंगाच्या पक्केपणाचे कारण हे आहे.

भूमध्य समुद्रातील शंखांपासून काढला जाणारा आणि राजवस्त्रांसाठी प्रसिद्ध असलेला जांभळा रंग निळीचा जवळचा रासायनिक नातेवाईक आहे. निळीच्या रेणूत ब्रोमिनचे दोन अणू आले की तो रंग होतो.

हौद

नीळ काढण्याच्या कारखान्यात हौदांच्या दोन रांगा असत, एक वर आणि एक खाली. वरच्या हौदात पाल्याच्या पेंढ्या रचून त्यांवर लाकडी तुळया दाबत व पाणी सोडत. दहा-पंधरा तासांत पाणी आंबे, फेस येई आणि ते पिवळसर हिरवे होई. वेळेचा अंदाज इथे सर्वांत महत्त्वाचा. पाला लवकर काढला तर रंग कमी मिळतो आणि उशीर झाला तर तो बिघडतो. मग ते पाणी खालच्या हौदात सोडत. त्यात मजूर कंबरभर पाण्यात समोरासमोर रांगा करून उभे राहत आणि वल्ह्यासारख्या फळ्यांनी दोन-तीन तास पाणी बडवत. पाण्यात हवा मिसळावी एवढाच या कष्टांचा हेतू. हळूहळू पाणी हिरवे, मग गडद निळे होई आणि कण तळाशी बसू लागत.

वरचे पाणी सोडून देऊन तळाचा गाळ उकळत, म्हणजे आंबण्याची क्रिया थांबे. तो कापडातून गाळून, चेपून त्याच्या वड्या कापत आणि सावलीत कित्येक आठवडे वाळवत. चांगल्या वडीची पारख ठरलेली होती. ती हलकी हवी, पाण्यावर तरंगायला हवी, मोडल्यावर आत जांभळट दिसायला हवी आणि नखाने घासली तर तांब्यासारखी चमक यायला हवी. वाळू किंवा माती मिसळलेली वडी जड लागे व बुडे.

रंगाऱ्याचा रांजण

वाळलेली वडी रंगाऱ्याकडे आली की उलट क्रिया सुरू होई. उष्णता टिकावी म्हणून जमिनीत पुरलेल्या रांजणात दळलेली नीळ, चुना आणि गूळ किंवा खजूर घालत. दक्षिण भारतात त्यात टाकळ्याचे शिजवलेले बी टाकण्याची पद्धत होती. पावसाळ्यात ज्याची भाजी होते तोच हा टाकळा. साखर व पिठूळ द्रव्य खाऊन वाढणारे जीवाणू पाण्यातील ऑक्सिजन संपवतात आणि नीळ क्षपित होते. रांजण ‘तयार’ आहे हे रंगारी वासावरून, पृष्ठभागावरच्या तांबूस तवंगावरून आणि निळ्या फेसावरून ओळखत. थंडी पडली किंवा चुना जास्त झाला तर जीवाणू मंदावत व रांजण बसे, मग तो पुन्हा उठवण्यात दिवस जात.

रांजणातून काढलेले कापड क्षणभर पिवळट हिरवे दिसते आणि डोळ्यांदेखत निळे होत जाते. एका बुडीत फिका रंग येतो. गडद, काळपट निळ्यासाठी बुडी व वाळवणे पुन्हा पुन्हा करावे लागते. महाराष्ट्रात हे काम करणारा समाज निराळी किंवा निळारी या नावाने ओळखला जाई.

या रांजणाला उकळते पाणी लागत नाही, कोमट पुरते. त्यामुळे कापडावर मेण लावून काही भाग कोरा ठेवता येतो. जावातील बाटिक या गुणावर उभे आहे. कच्छमधील अजरख छपाईत मेणाऐवजी चुना व डिंक यांचा लेप वापरतात. हिरड्याच्या पाण्यात भिजवलेले कापड, ठशांनी केलेले लेपन, मंजिष्ठेचा तांबडा आणि निळीचा निळा अशा अनेक पायऱ्यांतून ते कापड जाते. एका वस्त्रावर तीन-चार वनस्पतींचे गुण एकमेकांना धक्का न लावता बसवण्याची ही विद्या आहे.

प्राचीन पुरावे

निळीने रंगवलेले आजवर सापडलेले सर्वांत जुने सुती कापड पेरू देशाच्या किनाऱ्यावरील हुआका प्रिएता येथील असून ते सुमारे ६,००० वर्षांपूर्वीचे आहे. इजिप्तमध्ये ममींना गुंडाळलेल्या वस्त्रांना निळ्या कडा आढळतात. बॅबिलोनियातील एका मृत्तिका-फलकावर लोकर निळी रंगवण्याची कृती कोरलेली आहे. कैरोजवळच्या जुन्या फुस्तात शहराच्या उत्खननात गुजरातेत छापलेल्या सुती कापडाचे मध्ययुगीन तुकडे मिळाले. त्यांतील पुष्कळ निळीचे आहेत. राजांचे रेशीम नव्हे, तर सामान्यांच्या अंगावरचे हे कापड समुद्रापार जात होते.

भिंतीवर मात्र नीळ सहसा टिकत नाही. अजिंठ्याच्या चित्रांतील निळा रंग वनस्पतीचा नाही, तो लाजवर्द या दगडाचा आहे. याला ठळक अपवाद माया लोकांचा. त्यांनी नीळ एका विशिष्ट पांढऱ्या मातीत मिसळून तापवली. रंगाचे रेणू मातीच्या सूक्ष्म पोकळ्यांत अडकले आणि मेक्सिकोतील बोनाम्पाक येथील आठव्या शतकातील भित्तिचित्रे दमट जंगलातही निळी राहिली. धाग्याला जमते ते मातीलाही करायला लावणारा हा प्रयोग प्राचीन रसायनविद्येचा फार उंच नमुना आहे.

बयाना आणि सरखेज

मोगल काळात नीळ ही भारताच्या निर्यातीतील एक प्रमुख वस्तू होती. आग्र्याजवळील बयानाची नीळ उत्तम समजली जाई. अहमदाबादजवळील सरखेजची तिच्या खालोखाल आणि स्वस्त. सुरतेच्या डच व इंग्रज वखारी दोन्हींची खरेदी करत. मार्को पोलोने त्यापूर्वीच केरळातील कोल्लम येथे नीळ काढण्याच्या कृतीची नोंद केली होती.

सतराव्या शतकात भारतात अनेकदा येऊन गेलेला फ्रेंच जवाहिऱ्या ताव्हर्निये याने निळीच्या मजुरांविषयी लिहिलेला तपशील वाचण्यासारखा आहे. नीळ चाळणारे मजूर तोंडावर कापड बांधत, वरचेवर दूध पीत आणि तरीही त्यांची थुंकी कित्येक दिवस निळी येई. चाळणाऱ्याजवळ सकाळी ठेवलेले अंडे संध्याकाळी फोडले तर आतून निळे निघाले, असे तो सांगतो. व्यापाराच्या हिशेबात किंमत, वजन व भेसळ यांच्या नोंदी मिळतात, पण धूळ कोणाच्या छातीत गेली हे अशा एखाद्याच ठिकाणी नोंदलेले सापडते.

वोडचा बचाव

भारतीय नीळ युरोपात स्वस्त पडू लागली तेव्हा तिथल्या वोड पिकवणाऱ्यांचा धंदा धोक्यात आला. वोडच्या पानात तेच रंगद्रव्य असते, पण बरेच कमी. जर्मन प्रदेशांत सोळाव्या शतकात भारतीय निळीला सैतानाचा रंग ठरवून बंदी घालण्यात आली, तर फ्रान्सच्या चौथ्या हेन्रीने १६०९ मध्ये ती वापरणाऱ्यास देहदंड जाहीर केला. या बंदी अखेर टिकल्या नाहीत. रंगाऱ्यांना गडद व स्वस्त रंग हवा होता.

बंगाल

अठराव्या शतकात युरोपला नीळ पुरवणारे मोठे मळे कॅरिबियन बेटांवर आणि अमेरिकेतील साउथ कॅरोलिनात होते आणि तिथले काम गुलामांकडून होई. अमेरिका स्वतंत्र झाली, सां-दोमिंग या कॅरिबियन वसाहतीत १७९१ मध्ये गुलामांचा उठाव झाला आणि ब्रिटिश व्यापारी बंगालकडे वळले. बंगालच्या खेड्यांत नीलकोठ्या उभ्या राहिल्या.

कोठीवाला शेतकऱ्याला ‘दादन’ म्हणजे आगाऊ रक्कम देई आणि त्या बदल्यात ठरावीक जमिनीत नीळ लावण्याचा करार करून घेई. हौद, पाणी, मजूर आणि बाजार हे सारे कोठीवाल्याच्या हाती होते. शेतकऱ्याजवळ होती ती फक्त पानांची पेंढी. ती कापल्यावर लवकर हौदात गेली नाही तर वाया जाते, म्हणून ती दुसऱ्या कोणाला विकण्यासाठी थांबायलाही सवड नव्हती. भाव कोठीवाल्याने ठरवलेला, माप त्याचेच आणि दादन फिटत नसे. निळीला भाताचीच चांगली जमीन आणि भाताच्याच मोसमातील श्रम लागत. मातीची सुपीकता राखणाऱ्या कुलातील पीक शेतकऱ्याला उपाशी ठेवू शकले, कारण प्रश्न मातीचा नव्हता, त्या मातीत काय पेरायचे हे ठरवण्याच्या अधिकाराचा होता.

१८५९ मध्ये नदिया जिल्ह्यातील शेतकऱ्यांनी नीळ पेरण्यास नकार दिला आणि हा नकार पसरत गेला. दिगंबर विश्वास व विष्णुचरण विश्वास ही त्यातील ठळक नावे. सरकारने १८६० मध्ये चौकशी आयोग नेमला. त्याच वर्षी कोठीवाल्यांच्या या जुलमावरचे दीनबंधू मित्र यांचे ‘नीलदर्पण’ हे नाटक प्रसिद्ध झाले. त्याच्या इंग्रजी अनुवादाच्या प्रकाशनाबद्दल जेम्स लाँग या मिशनऱ्याला १८६१ मध्ये एक महिना कारावास आणि १,००० रुपये दंड झाला. दंडाची रक्कम बंगाली लेखक कालीप्रसन्न सिंह यांनी भरली. बंगालमधील नीळ ओसरली आणि मळेवाल्यांनी बिहारवर भर दिला.

प्रयोगशाळेतील नीळ

जर्मन रसायनशास्त्रज्ञ अडॉल्फ फॉन बायर याने १८६५ च्या सुमारास निळीचा अभ्यास हाती घेतला, १८८० मध्ये ती प्रयोगशाळेत बनवली आणि १८८३ मध्ये तिच्या रेणूची रचना मांडली. १९०५ चे रसायनशास्त्राचे नोबेल पारितोषिक त्याला मिळाले. मात्र त्याच्या कृतीने बनवलेली नीळ बाजारातील निळीशी किमतीत स्पर्धा करू शकत नव्हती. कार्ल हॉयमन याने १८९० मध्ये वेगळा मार्ग सुचवला. डांबरापासून मिळणाऱ्या नॅप्थॅलिनपासून सुरुवात करण्याची वाट सापडली, पाऱ्याच्या संयुगाने त्यातील एक क्रिया वेगाने होते हे लक्षात आले आणि १८९७ मध्ये बीएएसएफ कंपनीने कृत्रिम नीळ बाजारात आणली. हीच नॅप्थॅलिन कपड्यांतील डांबराच्या गोळ्यांत असे.

पुढे ॲनिलिनपासून नीळ बनवण्याची अधिक स्वस्त पद्धत आली. हे ॲनिलिन एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात प्रथम मिळाले होते ते निळीचेच ऊर्ध्वपातन करून. वनस्पतीने रसायनशास्त्राला दिलेले द्रव्य त्या वनस्पतीच्याच जागी उभे राहिले.

चंपारण

उत्तर बिहारच्या चंपारण जिल्ह्यात ‘तीनकठिया’ पद्धत होती. वीस कठ्ठ्यांचा एक बिघा, त्यातील तीन कठ्ठ्यांत कुळाने मळेवाल्यासाठी नीळ लावायची. कृत्रिम निळीमुळे भाव कोसळले तेव्हा कुळांची सुटका व्हायला हवी होती. झाले उलटेच. निळीच्या सक्तीतून मोकळे करण्याचा मोबदला म्हणून मळेवाल्यांनी खंड वाढवला, त्याला ‘शरहबेशी’ म्हणत, किंवा एकरकमी ‘तावान’ वसूल केले. जर्मनीतील कारखान्याने केलेले नुकसान असे कुळांच्या माथी मारले गेले. पहिल्या महायुद्धात जर्मन रंग मिळेनासा झाला तेव्हा निळीला पुन्हा भाव आला आणि लागवडीचा तगादाही परतला.

राजकुमार शुक्ल हे चंपारणचे शेतकरी डिसेंबर १९१६ मधील लखनौ काँग्रेसमध्ये गांधीजींना भेटले. एप्रिल १९१७ मध्ये गांधीजी मोतीहारीला पोहोचले, जिल्हा सोडून जाण्याचा हुकूम त्यांनी मानला नाही आणि सहकाऱ्यांसह हजारो कुळांच्या जबान्या लिहून घेतल्या. सरकारी चौकशी समितीत गांधीजी सदस्य होते. तावानाचा चौथा हिस्सा परत करण्याचे ठरले आणि १९१८ च्या कायद्याने तीनकठिया रद्द झाली.

औषध, केस आणि घरातील नीळ

आयुर्वेदात नीली केसांसाठी प्रसिद्ध आहे. नीलीभृंगादी तेलात ती माक्याबरोबर येते. मेंदीनंतर निळीच्या पानांची पूड लावली की केस काळे होतात, कारण मेंदीचा तांबूस आणि निळीचा निळा एकत्र येतात. चिनी वैद्यकात वापरल्या जाणाऱ्या निळीतील इंडिरुबिन या तांबड्या उपद्रव्याचा अभ्यास रक्ताच्या एका प्रकारच्या कर्करोगाच्या संदर्भात झाला आहे.

पांढऱ्या कपड्यांना घरोघरी लावली जाणारी नीळ आता या झुडपाची नाही. कापडाला आलेली पिवळट झाक निळसर छटेने झाकली जाते, हे तत्त्व जुनेच, पण त्यासाठी कृत्रिम अल्ट्रामरीन आणि इतर रंग वापरात आले. नाव तेवढे टिकले.

जीन्स आणि मर्यादा

आज जगातील बहुतेक कृत्रिम नीळ डेनिम कापडासाठी वापरली जाते. डेनिमचा ताणा निळा आणि बाणा पांढरा असतो. सुताच्या गाभ्यापर्यंत रंग जाऊ दिला जात नाही. म्हणून वापराने बाहेरचा थर झिजतो व आतले पांढरे सूत दिसू लागते. निळीचे रेणू धाग्याला रासायनिक बंधाने धरलेले नसतात, नुसते अडकलेले असतात. घासले की रंग सुटणे हा तिचा जुना दोष. डेनिममध्ये तोच गुण म्हणून विकला जातो.

दुसरी मर्यादा गंभीर आहे. कारखान्यात जीवाणूंऐवजी सोडियम हायड्रोसल्फाइटने क्षपण करतात आणि त्याचे अवशेष सांडपाण्यात जातात. यावर उपाय म्हणून सूक्ष्मजीवांकडून नीळ बनवण्याचे प्रयत्न चालू आहेत. १९८३ मध्ये जनुक बदललेल्या जीवाणूने नीळ तयार केल्याचे जाहीर झाले. २०१८ मध्ये कॅलिफोर्नियातील संशोधकांनी जीवाणूकडून इंडिकन बनवून घेतले आणि विकराने कापडावरच त्याची साखर तोडली, त्यामुळे हायड्रोसल्फाइट लागलेच नाही.

वनस्पतीची नीळ तमिळनाडूत तिंडिवनमच्या परिसरात आणि आंध्र प्रदेशात कडप्पा भागात अजून पिकवली जाते. जपानमधील तोकुशिमात पाने भिजवण्याऐवजी सुमारे शंभर दिवस कुजवून रंगाचे खत करतात. या निळीची किंमत कृत्रिम निळीच्या कितीतरी पट असते आणि दर घाण्याला रंगाचे प्रमाण बदलते, म्हणून मोठ्या गिरण्या ती घेत नाहीत. हातमागवाले, अजरख छापणारे आणि केसांची पूड विकणारे हेच तिचे मुख्य गिऱ्हाईक. शेतकऱ्याला ती परवडते, पण एका अटीवर. हौद गावातच आणि शक्यतो त्याच्याच मालकीचा असावा लागतो, कारण तोडलेला पाला दुसऱ्या दिवसापर्यंतही ठेवता येत नाही.